चित्र आकड्यांचे असेल, तर रंगांचा हिशेब खालच्या ओळीत द्यावा

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

आपल्या पुरवणीत अवकाश दुर्बिणींच्या डेटामधून चित्रे घडवणाऱ्या एका कलावंताविषयी लेख प्रसिद्ध झाला आणि पाठोपाठ त्यावर वाचकांची दोन पत्रे आली. पहिल्या पत्रलेखकाचे म्हणणे असे की, यंत्राने मोजलेले आकडे संगणकात घालून जे बाहेर पडते त्याला कला म्हणू नये. दुसऱ्याचा आक्षेप अधिक गंभीर होता. तेजोमेघांच्या, म्हणजे ताऱ्यांमधल्या वायू-धुळीच्या ढगांच्या, आणि ग्रहांच्या चित्रांत दिसणारे रंग मुळात तिथे नसतातच, ते मागाहून माणसांनी भरलेले असतात, आणि म्हणून हा सारा प्रकार सामान्य माणसाची दिशाभूल करणारा आहे, असे त्यांनी लिहिले होते. पहिल्या आक्षेपावर फार शाई खर्च करावी असे मला वाटत नाही. छायाचित्रणाचा शोध लागला तेव्हा त्याच्याविषयीही हेच बोलले गेले होते आणि तो वाद केव्हाच निकालात निघाला आहे. दुसऱ्या आक्षेपात मात्र अर्धे तथ्य आहे. ते अर्धे कोणते, आणि त्यात वृत्तपत्रांचा वाटा किती, एवढ्यापुरतेच हे पत्र आहे.

अवकाश संस्थांच्या सार्वजनिक संग्रहातल्या मूळ फाइली उतरवून घेऊन त्यांवर काम करण्याची मला हौस आहे, त्यामुळे या चित्रांची जन्मकथा थोडी जवळून पाहिलेली आहे. अशी फाइल पहिल्यांदा उघडली की पडद्यावर काळोख दिसतो. मधे चार-दोन पांढरे ठिपके आणि त्यांच्यातून तिरप्या गेलेल्या काही बारीक रेघा, एवढाच काय तो ऐवज. ठिपके म्हणजे तारे असतील असे वाटते. पण त्यातले काही तारे नसतात, कॅमेऱ्याच्या संवेदकावरचे बिघडलेले पिक्सेल असतात. रेघा म्हणजे संवेदकावर येऊन आदळलेल्या वैश्विक किरणांच्या, म्हणजे अवकाशातून येणाऱ्या वेगवान कणांच्या, खुणा. ज्या तेजोमेघासाठी ही फाइल उतरवली तो कुठेच दिसत नाही. तरी तो तिथे असतोच, कारण फाइलमध्ये चित्र नसून आकडे असतात. प्रत्येक पिक्सेलवर किती प्रकाश पोहोचला याची ती नोंद असते, आणि सोळा बिटांच्या फाइलमध्ये या नोंदीच्या ६५,५३६ पायऱ्या असू शकतात. नेहमीच्या पडद्यावर प्रत्येक रंगाच्या केवळ २५६ छटा दाखवता येतात. तेजोमेघाचे सगळे आकडे तळच्या काही पायऱ्यांवर दाटीवाटीने बसलेले असतात आणि वरच्या जवळजवळ सगळ्या पायऱ्या मोजक्या ताऱ्यांनी अडवलेल्या असतात. ही दाटी सोडवण्यासाठी गणिती वक्र वापरून अंधूक भाग वर उचलावा लागतो आणि तेजस्वी भाग दाबावा लागतो. वक्र थोडा बदलला की धुळीचा एक अख्खा पदर उगवतो किंवा नाहीसा होतो. म्हणजे रंगाचा प्रश्न येण्याच्या आधीच, काय दिसू द्यायचे हे कोणीतरी ठरवलेले असते.

जेम्स वेब या अवकाश दुर्बिणीच्या फाइलींमध्ये तर आणखी एक पेच आहे. फार तेजस्वी तारा असेल तर संवेदकाची मोजण्याची क्षमता संपते आणि ताऱ्याच्या नेमक्या मध्यभागी, जिथे सर्वाधिक प्रकाश असायला हवा तिथे, आकडाच मिळत नाही. पडद्यावर तो तारा मध्ये काळे भोक असलेल्या कंकणासारखा उमटतो. प्रसिद्ध होणाऱ्या चित्रांत ही भोके पांढऱ्या प्रकाशाने बुजवलेली असतात. ही लबाडी आहे का? माझ्या मते नाही, कारण तिथे प्रकाश होता हे निश्चित आहे. तो किती होता एवढेच आपल्या हाती नाही. पण ही भर घातलेली आहे हे ज्याला विचारायचे असेल त्याला ते कळले पाहिजे. त्याच ताऱ्यांभोवती दिसणारी टोकदार किरणेही ताऱ्याची नव्हेत. ती दुर्बिणीच्या षटकोनी आरशांमुळे आणि आधाराच्या दांड्यांमुळे तयार होतात. चित्र करणाऱ्यांनी ती ठेवली आहेत आणि आता तर ती त्या दुर्बिणीची सहीच बनली आहेत.

आता रंगांकडे वळतो. हबल दुर्बिणीने १ एप्रिल १९९५ रोजी टिपलेले गरुड तेजोमेघातील स्तंभांचे चित्र बहुतेक वाचकांनी पाहिलेले असेल. जेफ हेस्टर आणि पॉल स्कोवेन या खगोलशास्त्रज्ञांनी ते तयार केले. त्यासाठी तीन अरुंद गाळण्या वापरल्या होत्या: एक आयनीभूत (विद्युतभारित) गंधकाच्या प्रकाशाची, सुमारे ६७३ नॅनोमीटर तरंगलांबीची, दुसरी हायड्रोजनची, ६५६ नॅनोमीटरची, आणि तिसरी ऑक्सिजनची, सुमारे ५०२ नॅनोमीटरची. प्रत्येक गाळणीतून मिळालेले चित्र करड्या छटांचेच होते. त्यातल्या गंधकाला लाल, हायड्रोजनला हिरवा आणि ऑक्सिजनला निळा रंग देऊन तिन्ही चित्रे एकमेकांवर बसवली गेली. पत्रलेखकांचा आक्षेप नेमका इथे लागू पडतो, कारण हायड्रोजनचा तो प्रकाश डोळ्याला हिरवा नव्हे तर लाल दिसतो. पण गंधकाचाही लालच दिसतो! दोघांना त्यांचा ‘खरा’ लाल रंग दिला असता तर कुठे गंधक आहे आणि कुठे हायड्रोजन हे डोळ्याला वेगळे करता आलेच नसते. अट्टाहासाने खरा रंग वापरलेले चित्र इथे खरी माहिती लपवणारे ठरले असते. शिवाय यानात बसून त्या तेजोमेघाजवळ गेल्यास तो चित्रातल्यासारखा झळाळताना दिसेल, हाही गैरसमज आहे. जवळ गेल्याने तेजोमेघ आकाशाचा अधिक भाग व्यापेल, परंतु त्याच्या पृष्ठभागाची तेजस्विता वाढणार नाही, आणि मंद प्रकाशात माणसाच्या डोळ्याला रंग फारसे कळत नाहीत. ज्या खऱ्या रंगाची मागणी होते आहे, तो पाहू शकेल असा डोळा आपल्यापाशी नाहीच.

याच चित्राच्या वरच्या कोपऱ्यात पायऱ्यांसारखा काळा कापलेला भाग आहे, त्याकडे फार कमी लोकांचे लक्ष जाते. कॅमेऱ्यात चार संवेदक होते आणि त्यांतला एक इतरांपेक्षा अधिक मोठे करून टिपणारा होता. त्याचे चित्र बाकीच्यांच्या प्रमाणात आणण्यासाठी लहान केले की तेवढी जागा रिकामी राहते. ती रिकामी जागा तशीच ठेवण्यात आली. मला या चित्रातला सर्वांत आवडणारा भाग विचाराल तर तो हा काळा कोपरा आहे, कारण इथपर्यंत मोजले आणि इथून पुढे मोजलेले नाही, हे तो उघडपणे सांगतो. दुर्दैवाने अनेक ठिकाणी हे चित्र छापताना तो कोपरा कापून टाकला जातो.

अवरक्त प्रकाशाचे चित्र तर रंग बदलल्याशिवाय होऊच शकत नाही. वेब दुर्बीण सुमारे ०.६ ते २८.५ मायक्रॉन तरंगलांबीचा प्रकाश टिपते आणि त्याचा फार मोठा भाग आपल्याला दिसत नाही. जुलै २०२२ मध्ये जगाने पाहिलेली तिची पहिली चित्रे जोसेफ डीपास्क्वाले आणि अलिसा पेगन यांच्यासारख्या प्रतिमातज्ज्ञांनी घडवली. त्यांत एक नियम पाळलेला आहे: सर्वांत आखूड तरंगलांबीला निळा रंग, सर्वांत लांब तरंगलांबीला लाल, आणि मधल्या तरंगलांब्यांना त्याच क्रमाने मधले रंग. गायकाने काळी पाचमधले गाणे काळी एकमध्ये गायले तर स्वर उतरतात, पण त्यांच्यातली अंतरे तीच राहतात आणि गाणे तेच राहते. इथेही तसेच पट्टी बदलून प्रकाश आपल्या आवाक्यात आणलेला असतो. आपल्या आदित्य-एल१ यानावरची ‘सूट’ ही दुर्बीण सूर्याकडे २०० ते ४०० नॅनोमीटरच्या अतिनील प्रकाशात पाहते. तिने अकरा गाळण्यांतून टिपलेली पूर्ण सूर्यबिंबाची चित्रे डिसेंबर २०२३ मध्ये प्रसिद्ध झाली, आणि त्यांतला एकही रंग डोळ्याने पाहिलेला असू शकत नाही. सूर्याचा अभ्यास करणाऱ्या दुसऱ्या एका अमेरिकी वेधशाळेच्या चित्रांत १७१ अँगस्ट्रॉमचा (एक अँगस्ट्रॉम म्हणजे नॅनोमीटरचा दहावा भाग) प्रकाश नेहमी सोनेरी आणि ३०४ अँगस्ट्रॉमचा नेहमी लाल दाखवतात. पहिला प्रकाश सुमारे सहा लाख अंश तापमानाच्या वायूचा, तर दुसरा सुमारे पन्नास हजार अंशांच्या वायूचा. या क्षेत्रात वावरणारा माणूस रंग पाहिला की तापमान ओळखतो. नकाशात समुद्र निळा दाखवला म्हणून कोणी तक्रार करत नाही, कारण नकाशासोबत सूची छापलेली असते.

आकड्यांतून चित्र उभे करताना माणसाचा हात लागणे ही संगणकानंतरची गोष्ट नाही, हे दाखवणारा एक प्रसंग मला फार महत्त्वाचा वाटतो. जुलै १९६५ मध्ये मरिनर ४ हे यान मंगळाजवळून गेले. त्याच्या एका चित्रात २०० गुणिले २०० पिक्सेल होते, प्रत्येक पिक्सेलसाठी सहा बिट, आणि पृथ्वीकडे येणारा वेग सेकंदाला सव्वाआठ बिटांच्या आसपास. गुणाकार करून पाहिल्यास एक चित्र यायला आठ तास लागतात असे दिसते. यानाचा फीतमुद्रक नीट चालला की नाही, याची ते यान चालवणाऱ्या जेट प्रॉपल्शन लॅबोरेटरी या अमेरिकी संस्थेतल्या अभियंत्यांना काळजी होती आणि अधिकृत प्रतिमा तयार होईपर्यंत थांबण्याचा धीर त्यांच्यापाशी नव्हता. त्यांनी येणारे आकडे कागदाच्या अरुंद पट्ट्यांवर छापून घेतले, त्या पट्ट्या एका फलकावर शेजारी शेजारी टाचल्या, आणि रिचर्ड ग्रम यांच्या पुढाकाराने चित्रकलेच्या दुकानातून पेस्टल खडू आणून, कोणत्या आकड्याला कोणता रंग हे ठरवून, एकेक आकडा हाताने रंगवायला घेतला. खडू तपकिरी, तांबूस आणि पिवळ्या छटांचे होते. बघता बघता फलकावर मंगळाची कड उमटली. दूरचित्रवाणीवरही आधी दिसले ते हे हाताने रंगवलेले चित्र, यंत्रातून निघालेली प्रतिमा नंतर आली. ते आजही त्या संस्थेत जपून ठेवलेले आहे. त्याच्याजवळ गेल्यास खडूच्या थराखालचे छापील आकडे वाचता येतात. कोणता आकडा कोणत्या रंगाखाली आहे हे पाहणाऱ्याला स्वतः तपासता येते, आणि आजच्या कोणत्याही चमकदार चित्राला ही सोय नाही.

त्याही मागे गेल्यास १८४५ मध्ये लॉर्ड रॉस यांनी आपल्या बहात्तर इंची दुर्बिणीतून पाहून एम५१ या दीर्घिकेचे, म्हणजे ताऱ्यांच्या एका प्रचंड समूहाचे, सर्पिल रेखाटन केले, आणि १६०९ मध्ये गॅलिलिओने चंद्राच्या कला शाईने रंगवल्या. छायाप्रकाश कसा दाखवायचा याचे शिक्षण हाताला असल्यामुळेच चंद्रावरच्या काळ्यापांढऱ्या डागांत त्याला डोंगर आणि खोलगट भाग ओळखता आले, असे अभ्यासक मानतात.

आता आक्षेपातल्या खऱ्या भागाकडे येतो. मॅगेलन यानाने १९९० पासून शुक्राचे रडारने नकाशे केले आणि त्यांवरून शुक्रावरील ज्वालामुखींची भव्य दृश्ये तयार झाली. या दृश्यांचा नारिंगी रंग व्हेनेरा १३ आणि १४ या सोव्हिएत यानांनी १९८२ मध्ये पृष्ठभागावरून पाठवलेल्या चित्रांच्या आधारे दिलेला होता. त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण त्यांतल्या काही प्रसिद्ध दृश्यांत उंची साडेबावीस पटींनी वाढवलेली होती. रुंद आणि बसका डोंगर त्यामुळे आकाशात घुसलेल्या सुळक्यासारखा दिसू लागला. मूळ माहितीपत्रकात ही वाढ नोंदवलेली होती. मात्र पोस्टरवर, पुस्तकात आणि वर्तमानपत्रात ती नोंद पोहोचली नाही, आणि शुक्र म्हणजे टोकदार सुळक्यांचा ग्रह अशी समजूत लोकांच्या मनात बसली. खुद्द ग्रहशास्त्रज्ञांनाच त्यावर हरकत घ्यावी लागली.

नेपच्यूनची गोष्ट आणखी बोलकी आहे. व्हॉयेजर २ यान १९८९ मध्ये त्याच्याजवळून गेले तेव्हा ढग आणि पट्टे उठून दिसावेत म्हणून चित्रांतला रंगभेद वाढवण्यात आला आणि ग्रह गडद निळा झाला. तसे केले असल्याचे त्या वेळी सांगितलेही होते. पुढच्या तीस-पस्तीस वर्षांत चित्राची नक्कल होत राहिली, तिची पुन्हा नक्कल झाली, आणि या प्रवासात चित्राखालची ओळ कुठेतरी गळून पडली. पाठ्यपुस्तकांतला नेपच्यून गडद निळा आणि युरेनस फिकट, हे पिढ्यांनी पाठ केले. जानेवारी २०२४ मध्ये ऑक्सफर्डच्या पॅट्रिक आयर्विन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हबलच्या आणि चिलीतल्या मोठ्या दुर्बिणीच्या निरीक्षणांवरून रंगांचा ताळमेळ नव्याने लावला, तेव्हा दोन्ही ग्रह जवळजवळ सारख्याच फिकट हिरवट निळ्या रंगाचे असल्याचे दिसले. नेपच्यून किंचित अधिक निळा, एवढाच फरक. इथे कोणी मुद्दाम ‘ध’ चा ‘मा’ केलेला नव्हता. शास्त्रज्ञांनी आपले काम चोख केले होते, चित्रही उपयोगाचे होते. फक्त खालची ओळ गेली, आणि तेवढ्याने चांगल्या चित्राचा चुकीचा धडा झाला. पत्रलेखकांना जी फसवणूक वाटते, ती रंग भरण्याच्या क्षणी घडत नाही. ती पुढे, पुनर्मुद्रणात घडते, आणि तिथे वैज्ञानिकांपेक्षा आपण सगळे अधिक जबाबदार असतो.

एप्रिल २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एम८७ दीर्घिकेतील कृष्णविवराच्या चित्राचेही हेच झाले. आठ रेडिओ दुर्बिणींनी १.३ मिलिमीटर तरंगलांबीवर केलेल्या निरीक्षणांतून ते तयार झाले. त्यात रंगाची माहिती नव्हती, होती ती फक्त तीव्रतेची. नारिंगी रंग हा निवडीचा भाग होता, पण दुसऱ्या दिवशी जगभरच्या मथळ्यांत त्याला आगीचे कडे बनवण्यात आले. त्या चित्रामागची खरी रोमहर्षक गोष्ट वेगळीच होती. आपल्याला हवे तेच दिसण्याचा मोह टाळावा म्हणून संशोधकांनी चार गट केले, गटांनी एकमेकांशी न बोलता स्वतंत्रपणे चित्रे काढली आणि मग ती समोरासमोर ठेवली. चारही चित्रांत कडे होते. ही हकिकत किती वर्तमानपत्रांनी चित्राखाली दिली असेल?

इथपर्यंत मी वेधशाळांच्या चित्रांविषयी बोललो. आपल्या लेखातला कलावंत मात्र वेधशाळेचा नोकर नाही, आणि त्याच्यावर त्याच अटी लादणे मला योग्य वाटत नाही. त्याला आकडे उलटेपालटे करण्याची, रंग टाळण्याची, अगदी विसंगत माध्यम वापरण्याची मुभा असायलाच हवी. सेमीकंडक्टर या नावाने काम करणाऱ्या रूथ जार्मन आणि जो गेरहार्ट यांनी २००६ मध्ये सूर्याच्या निरीक्षणांतली साफसूफ न केलेली चित्रे घेऊन एक चलत्-चित्रकृती केली. शास्त्रज्ञ जो कचरा पुसून टाकतात, ते कणांचे ठिपके, ती खरखर, त्यांनी मुद्दाम ठेवली आणि चित्रातल्या उजेडाच्या तीव्रतेवरून आवाजही घडवला. तिथे सूर्य तर दिसतोच, शिवाय सूर्याकडे पाहताना यंत्राची होणारी दमछाकही दिसते. केटी पॅटरसन यांनी २००९ मध्ये काळ्या ॲल्युमिनियमच्या पत्र्यावर, तोवर माणसाला माहीत झालेल्या सुमारे सत्तावीस हजार मृत ताऱ्यांच्या जागा लेसरने कोरल्या. त्या कामात रंग नाही, झगमगाट नाही, आणि तरीही प्रत्येक ठिपका कुठून आला याचा जाब देता येतो.

यावरून मला एक साधी कसोटी सुचते. कलाकृतीमागचा डेटा काढून त्याजागी दुसराच कुठलाही डेटा घातला, तर पाहणाऱ्याला फरक पडेल का? पॅटरसन यांच्या पत्र्यावरचे ठिपके बदलले तर ते काम खोटे ठरेल. उलट अलीकडे भिंतभर पडद्यांवर रंगांचे लोट उसळवणारी जी प्रदर्शने भरतात, त्यांतल्या पुष्कळ ठिकाणी आकाशगंगेच्या ताऱ्यांऐवजी बाजारभाव किंवा पावसाची नोंद घातली तरी तेच लोट तसेच उसळतील. तिथे दुर्बिणीचे नाव केवळ शोभेला असते. अशा कामांना सुंदर जरूर म्हणावे; अवकाश विज्ञानाचे नाव त्यांना का द्यावे हे मला उमगत नाही. आपल्या लेखात कलावंताच्या स्वभावाविषयी आणि स्टुडिओविषयी बरेच होते, परंतु त्याच्या चित्रात उंची कशाची निदर्शक आहे, रंग कशाचा, आणि ठिपक्याचा आकार कशावर ठरतो, याविषयी एक वाक्यही नव्हते. ते असते तर दोन्ही पत्रलेखकांचे निम्मे आक्षेप लिहिण्यापूर्वीच मिटले असते.

श्रेयाचा मुद्दाही यात येतो. जोसेलिन बेल यांना १९६७ मध्ये सापडलेल्या पहिल्या स्पंदक ताऱ्याची (ठरावीक अंतराने रेडिओ लहरींचे ठोके देणाऱ्या ताऱ्याची) ऐंशी लागोपाठची स्पंदने एकाखाली एक मांडलेला आलेख अनेकांनी टी-शर्टवर पाहिला असेल. डोंगररांगांसारख्या पांढऱ्या रेषा आणि मागे काळी पार्श्वभूमी. तो हॅरोल्ड क्राफ्ट यांनी कॉर्नेल विद्यापीठातल्या आपल्या १९७० च्या प्रबंधासाठी, अरेसिबो दुर्बिणीच्या निरीक्षणांवरून, संगणकाकडून काढून घेतला होता. पुढच्या रेषेच्या उंचवट्यामागे गेलेला मागच्या रेषेचा भाग दिसू नये, अशी सोय त्यांनी आज्ञावलीत केली होती, आणि डोंगरांचा तो भास त्यातूनच आला. पुढे हा आलेख एका विश्वकोशात छापला गेला, तिथून १९७९ मध्ये एका इंग्लिश रॉक बँडच्या ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावर काळ्यापांढऱ्याची अदलाबदल होऊन पोहोचला, आणि जगप्रसिद्ध झाला. क्राफ्ट यांचे नाव मात्र पुढची कित्येक वर्षे कोणाला ठाऊक नव्हते. आपल्याकडेही अशा चित्रांखाली बहुधा एका अवकाश संस्थेचे नाव घालून काम भागवले जाते. गुरूभोवती फिरणाऱ्या जुनो यानावरचा कॅमेरा मुख्यतः लोकांसाठीच बसवलेला आहे. यान स्वतःभोवती फिरत असल्यामुळे त्याची चित्रे पट्ट्यापट्ट्यांनी येतात, मूळ पट्ट्या सर्वांसाठी खुल्या ठेवल्या जातात, आणि जगभरचे हौशी लोक त्या जुळवून, रंगभेद वाढवून गुरूवरच्या वादळांची चित्रे करतात. ती चित्रे संस्थेची नसून त्या त्या माणसाची असतात, आणि एकाच वादळाची दोघांनी केलेली चित्रे ओळखू न येण्याइतकी निराळी निघतात.

आता तर शब्द दिले की चित्र काढून देणारी संगणक प्रणाली सर्वांच्या हाती आली आहे. कोणत्याही दुर्बिणीने कधीही न पाहिलेला तेजोमेघ, टोकदार किरणांसह, क्षणात तयार करता येतो आणि तो वेबच्या चित्राइतकाच देखणा असतो. डोळ्याने फरक सांगणे कठीण होत जाणार, हे उघड आहे. फरक असेल तो फक्त इतकाच की एका चित्रातल्या प्रत्येक ठिपक्यामागे मोजमाप आहे आणि दुसऱ्यात नाही. ही गोष्ट चित्र स्वतः सांगू शकत नाही, ती शेजारी लिहावीच लागते.

म्हणून संपादक महाशय, माझी विनंती अगदी मर्यादित आहे. अवकाशाचे चित्र छापताना त्याखाली ते कोणत्या उपकरणाने आणि केव्हा टिपले, रंग कशाचे निदर्शक आहेत, काही वाढवलेले असल्यास किती, आणि चित्र कोणी घडवले, एवढे द्यावे. जागा कमी असते हे मी जाणतो, पण एवढे सांगायला मोठी चौकट लागत नाही. उदाहरणार्थ: ‘नेपच्यून, व्हॉयेजर २, १९८९. ढग ठळक दिसावेत म्हणून रंग गडद केले आहेत. प्रत्यक्षात ग्रह फिकट हिरवट निळा.’ बातमीच्या एका ओळीइतकीच जागा याला लागते. चित्र कापणे भाग असेल तर निदान मोजमापाची कड दाखवणारे कोपरे कापू नयेत. आणि वर्तमानपत्राच्या कागदावर अवकाशाचा काळा रंग करडा होतो, फिकट निळ्याची वाट लागते, हा छपाईचा दोष सांगायचा राहिला. त्यासाठी मूळ चित्र कुठे पाहता येईल याचा निर्देश केला तर वाचकांवर उपकार होतील.

त्या कलावंताशी आपला संपर्क आहेच, तेव्हा पुढच्या अंकात त्याचे एकच चित्र निवडून त्याच्यासोबत रंगांची आणि आकारांची सूची, तसेच ज्या आकड्यांवरून ते केले त्यांतल्या दहा-पंधरा ओळी जशाच्या तशा छापाव्यात असेही सुचवतो. आकडे आणि चित्र शेजारी शेजारी पाहून आक्षेप घेणाऱ्या वाचकांनी पुन्हा लिहावे, त्या पत्रांची मी वाट पाहीन.

कळावे,
आपला विश्वासू,
एक नियमित वाचक